लिडियाबाईच्या पाकळ्या

उपकारस्तुतीच्या रविवारी, उपदेश अगदी रंगात आलेला असताना, मेजावरच्या शेवंतीतलं एक पांढरं फूल हललं आणि त्यानं मधमाशी पकडली.

पहिल्या बाकावर बोर्डिंगच्या मुली बसल्या होत्या. त्यांच्यातल्या एकीच्या तोंडून बारीकशी किंकाळी निघाली आणि पाळकसाहेब कृपादान बोलायचे थांबले. त्यांच्यापुढच्या मेजावर पिकाची रास मांडली होती. ज्वारीची कणसं, भोपळे, पेरू, केळीचा एक घड आणि केडगावच्या मळ्यातून आलेली पाटीभर शेवंती. त्या शेवंतीच्या कडेला एक फूल स्वतःच्या पायांवर उभं होतं. पुढच्या दोन हातांत त्यानं माशी आवळून धरली होती आणि तिचं डोकं ते सावकाश, घाई न करता खात होतं.

"अरे देवा, हे काय?" मागून कुणीतरी म्हणालं. मुलांच्या शाळेचे शांतवन मास्तर गीतांचं पुस्तक उगारून पुढं निघाले.

मास्तर पोचायच्या आत लिडिया उठली होती. मुलींची बाई म्हणून ती पहिल्याच बाकावर बसायची, त्यामुळं मेज तिला चार पावलांवर होतं. तिनं फुलांत बोट धरलं. तो जीव शिकार न सोडता बोटावर चढून आला. बोट छातीपुढं धरून ती मधल्या वाटेनं, सगळ्या मंडळीच्या देखत, चालत बाहेर गेली. उपदेशातून उठून जायची तिथं रीत नव्हती. मूल रडलं तरच बाया बाहेर जात, आणि लिडियाला मूल नव्हतं.

सन चव्वेचाळीस चाललं होतं. भिंगारच्या वाटेवर एक लहानसं मिशन कंपाउंड होतं. चर्च, मुलींची शाळा, बोर्डिंग आणि मास्तर लोकांच्या दोन-दोन खोल्यांची चाळ. त्यातल्या शेवटच्या दोन खोल्यांत लिडिया पाटोळे सासूबरोबर राही. वय सव्वीस. लग्न होऊन आठ महिने झाले होते तेव्हा नवरा, जॉर्ज, पलटणीत मोटार चालवायला गेला आणि बेचाळीस साली ब्रह्मदेशातून माघारी येताना वारला. तार आली ती लिडियानंच घेतली. तेव्हापासून कंपाउंडात तिला नाव राहिलं नव्हतं; ती 'बिचारी' होती. बिचारीला आधी पाणी भरू द्या. बिचारी कालच्यापेक्षा आज बरी दिसते. दोन वर्षं हे ऐकून ऐकून तिचे कान किटले होते, पण उलट काय बोलावं ते तिला सुचत नव्हतं.

त्या रविवारी मात्र तिनं खोलीत जाऊन दार लावून घेतलं आणि बोटावरच्या पाहुण्याकडं नीट पाहिलं. बोटाच्या दोन पेरांएवढा. अंग पांढरं, त्यावर फिकट गुलाबी आणि हिरवी छटा. मांड्या पाकळीसारख्या रुंद आणि चपट्या. पोट वर वळवलेलं, म्हणजे उमलत्या कळीचं टोकच. डोळे टोकदार. आणि माशी खाऊन झाल्यावर त्यानं ते दोन्ही हात जवळ घेतले, अगदी प्रार्थनेला जोडावेत तसे, आणि मान वळवून तिच्याकडं पाहिलं. किड्यानं मान वळवून आपल्याकडं पाहावं हे तिला नवीन होतं. बिचारी म्हणून तर त्यानं नक्कीच पाहिलं नव्हतं.

"लिडे, काय आणलंस गं?" सासू, केशरबाई, दारातून म्हणाली. ती नेवाशाकडच्या खेड्यातली, ख्रिस्ती झालेल्या घरातली तिसरी पिढी. पण बोलणं गावाकडचंच.

"हात जोडणारा किडा आहे, आत्याबाई. फुलावरचा."

"मंग फुलावर ऱ्हाऊ दे की त्याला. घरात कशापाई?"

"शांतवन मास्तरांनी चिरडला असता."

"चिरडू दे. किडाच हाय."

युद्धामुळं घासलेट मिळेनासं झालं होतं आणि कंपाउंडातले निम्मे कंदील कोठीत पडून होते. लिडियानं त्यातल्या एकाची काच आणली, धुऊन पुसली, आत एक काटकी उभी केली, आणि काचेच्या वरच्या-खालच्या तोंडाला जुन्या मलमलीचा तुकडा बांधला. झालं घर.

केडगावहून फुलं घेऊन रतनबाई माळीण आठवड्यातून दोनदा भिंगारच्या बाजाराला जाई. लिडियानं तिला काचेतला किडा दाखवला तेव्हा ती हसली. "ह्यो व्हय? आमच्या शेवंतीत लई हायेत. तोडताना हाताला लागत्यात तवाच कळतं. आनू का?" पुढच्या खेपेला तिनं सहा आणले, शेवंतीच्या पानांत गुंडाळून, आणि पुन्हा विचारलं, "ह्यांचं काय करता म्हनायचं तुमी?"

"बघते."

"निसतं बघता?"

"निस्तं बघते."

बघण्यासारखं खूप होतं. एका काचेत दोन ठेवले तर एकच उरतो, हे तिला पहिल्याच आठवड्यात कळलं. मग सहा जणांना सहा काचा झाल्या. लहान असताना त्यांना चिलटं लागत. त्यासाठी ती पिकलेला पेरू खिडकीत कुजत ठेवी. मोठे झाल्यावर माशा. माशांना भिंगारात तोटा नव्हता, टांगेवाल्यांच्या तबेल्यात घोंघावत होत्या. रोज सकाळी ओल्या फडक्यानं काचेत चार थेंब शिंपडायचे, ते थेंब ते तोंडानं टिपत. कातडी टाकायची वेळ आली की किडा दोन दिवस खात नसे, काटकीला उलटा लटके. त्या वेळी काच हलवायची नाही. मग जुन्या अंगातून नवं अंग ओलं, लिबलिबीत, खाली सरकत बाहेर येई, आणि तासाभरात आधीपेक्षा मोठा किडा आपलंच जुनं अंग शेजारी टांगून बसलेला दिसे. पहिल्यांदा हे पाहिलं तेव्हा लिडिया शाळेची घंटा विसरली.

मुलींना ती त्या काचा वर्गात दाखवू लागली. तिसरीच्या मुलींनी त्यांना 'पाकळ्या' म्हणायला सुरुवात केली आणि तेच नाव पडलं. ज्या मुली पाटीवर गाय धड काढत नव्हत्या त्या पाकळीच्या हातावरचे काटे मोजून काढू लागल्या. बोर्डिंगमधली दया नावाची एक मुलगी वर्षभर वर्गात तोंड उघडत नव्हती. तिनं एक दिवस उभं राहून विचारलं, "बाई, हिला ठाऊक असतं का, आपण फुलासारखं दिसतो ते?" लिडिया म्हणाली, "मला नाही माहीत." घरी जाऊन तिनं तो प्रश्न वहीत लिहून ठेवला. रोज काय पाहिलं ते त्या वहीत ती लिहीत होती. सकाळी जाग आली की आधी काचांकडं जावंसं वाटे. जाग आल्यावर काही करावंसं वाटणं, हे दोन वर्षांत पहिल्यांदाच होत होतं.

नाताळापर्यंत पाकळ्यांना पंख फुटले. पांढरेपणा गेला, अंग पानासारखं हिरवं झालं आणि प्रत्येक पंखावर एक पिवळा, काळ्या कडेचा गोल उमटला, वटारलेल्या डोळ्यासारखा. त्रास दिला की ते पंख उघडत. आतले पंख शेंदरी-गुलाबी. सहांतल्या चार माद्या निघाल्या, अंगानं भरलेल्या, आणि दोन नर, सडपातळ आणि उडायला चपळ.

जानेवारीत लिडियानं एक नर एका मादीच्या काचेत सोडला. नेमकी तेव्हा बोर्डिंगच्या परीक्षेची गडबड होती आणि दोन दिवस तिनं मादीला माशी दिली नव्हती. हे तिच्या ध्यानात होतं, पण वाटलं, एवढ्यानं काय होतंय? नर काटकीवरून थांबत थांबत मागून आला, पाठीवर बसला. जुळले दोघं. घटकाभरानं मादीनं मान मागं वळवली, एक हात पाठीवर टाकला आणि त्याचं डोकं धरलं.

केशरबाई तेव्हा तिथंच तांदूळ निवडत बसली होती. ती उठून काचेजवळ आली. मादी नराला खात होती आणि त्याचं उरलेलं अंग अजून तिला बिलगून होतं.

केशरबाईनं सूप खाली ठेवलं. "बघ," ती म्हणाली, "बघ तुझं ध्यान. जशी तू, तशी तुझी पाकळी."

"आत्याबाई!"

"माझा जॉर्ज नगं म्हनत हुता पलटन. तू फारम लिवलास. तुज्या हातानं लिवलास. गिळलास माझ्या लेकाला."

अर्ज लिडियानं लिहिला होता, हे खरं होतं. जॉर्जला इंग्रजी येत नव्हतं. नको मात्र तो कधी म्हणाला नव्हता. आईपुढं म्हणाला असेल. मोटार शिकायला मिळते म्हणून तो आठवडाभर तिच्या मागं लागला होता, लिही, लिही. हे तिनं केशरबाईला कधी सांगितलं नव्हतं. मेलेल्या लेकाला आईपुढं खोटं पाडायचं तिला नको होतं.

"हो, मी लिहिला," ती म्हणाली. "त्याला जायचं होतं. आणि ही पाकळी उपाशी होती, ती माझी चूक. दोन्ही खरं आहे. पण दोन्ही एक नाही."

केशरबाई आतल्या खोलीत गेली. त्यानंतर आठवडाभर दोघींत मीठ-भाकरीपुरतंच बोलणं झालं.

चाळीच्या भिंती पातळ. शेजारच्या खोलीत शांतवन मास्तरांचं बिऱ्हाड होतं. मास्तरीणबाई, एलिझाबेथ, यांनी हे शब्द ऐकले आणि नळावर नेले. दोन दिवसांत कंपाउंडभर झालं. पाटोळेबाई नवरा खाणारा किडा पाळते. त्याला मुलींपुढं ठेवते. प्रार्थनेची थट्टा म्हणून त्याला हात जोडायला शिकवलंय. आता तिला कुणी बिचारी म्हणत नव्हतं, एवढं मात्र झालं.

जानेवारीच्या शेवटी चिठ्ठी आली. पंच कमिटीपुढं, बुधवारी, चार वाजता.

कमिटी चर्चच्या मागच्या खोलीत बसली होती. मधे आप्पासाहेब, कमिटीचे अध्यक्ष. सरकारी नोकरीतून निवृत्त झालेले, कोटाच्या खिशात घड्याळ, बोलणं मोजून मापून. एका बाजूला पाळकसाहेब कृपादान, दुसऱ्या बाजूला सभेचा वृत्तांत लिहायचं मिनिट बुक उघडून शांतवन मास्तर. शिवाय तीन पंच. लिडियाला खुर्ची दिली. ती उभीच राहिली.

"लिडियाबाई," आप्पासाहेब म्हणाले, "तुम्ही आमच्या मुलीसारख्या. रागानं बोलावलेलं नाही. पण तक्रारी आल्या आहेत. एक, भर उपासनेतून तुम्ही उठून गेलात. दोन, शाळेत तुम्ही असले प्राणी आणता. तीन..." ते थांबले. "तीन जरा बाईमाणसापुढं बोलू नये असं आहे."

"बोला."

"तो किडा म्हणे आपल्या नराला खातो."

"उपाशी असली तर खाते."

"असा जीव विधवेनं हौसेनं पोसावा, आणि त्याच विधवेच्या हाताखाली तरुण मुली असाव्यात, हे लोकांना बरं वाटत नाही."

शांतवन मास्तरांची लेखणी पहिल्या दोन तक्रारींपर्यंत भराभर चालली होती. ती आता थांबली. लिडियानं ते पाहिलं.

"मास्तर, तिसरी तक्रार लिहिली नाहीत."

"ती... सारांश लिहितो मी."

"सारांश नको. आप्पासाहेब म्हणाले तसंच लिहा. 'किडा नराला खातो, बाई विधवा आहे, सबब.' दहा वर्षांनी कुणी हे बुक उघडलं तर त्याला कळायला नको का, पाटोळेबाईला कशासाठी काढलं?"

"काढण्याची गोष्ट कोण करतंय?" पाळकसाहेब घाईनं म्हणाले.

"मग कशाची गोष्ट आहे?"

आप्पासाहेबांनी घसा साफ केला. "एवढंच की त्या काचा आणायच्या, मुलींच्या देखत ते किडे विस्तवात टाकायचे, आणि रविवारी मंडळीपुढं दोन शब्द. चुकले म्हणायचं. संपलं."

"नाही," लिडिया म्हणाली.

"विचार करा."

"चिठ्ठी रविवारी आली. तीन दिवस विचारच करतेय. किडे मी जाळणार नाही. उपासनेतून उठले ते देवानंच केलेला एक जीव पुस्तकाखाली चिरडला जाऊ नये म्हणून, त्याची माफी मी मागणार नाही. शाळेत आणू नका म्हणाल तर नाही आणणार. शाळा तुमची आहे. आणि तिसऱ्याचं म्हणाल, तर जॉर्जला कुणी खाल्लं ते मला ठाऊक आहे. तार मी वाचली होती. आत्याबाईंना वाचता येत नाही म्हणून मोठ्यानं वाचली होती. त्यात किड्याचं नाव नव्हतं."

मास्तर लेखणीचं टोक पुसत राहिले. मिनिट बुक दर तिमाहीला मिशनच्या मोठ्या साहेबांकडं जात असे, आणि तिसरी तक्रार साहेबांनी वाचावी असं खोलीतल्या एकालाही वाटत नव्हतं.

"हे तुमच्या सासूनंच म्हटलंय," एक पंच शेवटी म्हणाले. "आम्ही आमच्या पदरचं काही घातलेलं नाही."

तेवढ्यात दार उघडलं. केशरबाई आत आली, डोक्यावरून पदर घेतलेली. कुणी तिला बोलावलं नव्हतं. ती बाहेरच्या पायरीवर केव्हापासून बसली होती देव जाणे.

"व्हय, मी म्हनले," ती म्हणाली. "माझ्या घरात म्हनले, माझ्या सुनंला म्हनले. माझा ल्योक गेलाय, मी काय बी म्हनन. तुमचा कोन गेलाय, आप्पासायब? तुमी माझं भांडान तोंडात घिऊन हितं का बसलाय?"

"केशरबाई, तुम्ही शांत..."

"मी शांतच हाय. मला ते किडं आवडत न्हाईत. बघितलं का अंगावर काटा येतू. पन माझ्या सुनंला इस्तू दाखवायचा आसंल तर आदी मला इचारायचं." मग ती लिडियाकडं वळली. "चल. भाकरी करायच्यात."

दोघी निघून गेल्या. मागं बराच वेळ चर्चा झाली म्हणतात. बुकात शेवटी पहिल्या दोनच तक्रारी राहिल्या. ठराव असा झाला की शाळेत प्राणी आणू नयेत, बोर्डिंगची देखरेख बाईंकडून काढून एलिझाबेथबाईंकडं द्यावी, आणि बाईंनी येत्या रविवारी मंडळीपुढं दिलगिरी व्यक्त करावी.

बोर्डिंग गेलं त्याचं लिडियाला वाईट वाटलं. मुलींच्या वेण्या, त्यांचे ताप, भांडणं, सगळं तिच्या अंगवळणी पडलं होतं. त्या रात्री ती जेवली नाही. पण काचांना पाणी शिंपडायचं तिनं चुकवलं नाही.

रविवारी चर्च भरलं होतं. कधी न येणारेही आले होते. लिडिया आपल्या नेहमीच्या जागी, पहिल्या बाकावर बसली. या वेळी केशरबाई मागं म्हाताऱ्या बायांत न बसता तिच्या शेजारी येऊन बसली. वाचन झालं, प्रार्थना झाली. पाळकसाहेब म्हणाले, "आपल्यातल्या एका बहिणीला आज मंडळीपुढं काही बोलायचं आहे."

लिडिया बसून राहिली.

पाळकसाहेब वाट पाहत उभे राहिले. कुणाच्या तरी हातातल्या बांगड्या वाजल्या आणि थांबल्या. आढ्यात एक चिमणी फडफडली. कृपादान तसे वाईट माणूस नव्हते, आणि त्यांच्या कपाळावर घाम दिसत होता.

"लिडियाबाई?"

ती उठली. मागच्या बाकांवर माना उंच झाल्या.

"मला काही बोलायचं नाही, पाळकसाहेब. तुम्ही गीत घ्या."

आणि बसली.

पाळकसाहेबांनी आप्पासाहेबांकडं पाहिलं. आप्पासाहेबांनी घड्याळाकडं पाहिलं. मग गीताचा नंबर सांगितला गेला, पेटी सुरू झाली, आणि लिडिया गायली. तिचा आवाज मोठा होता. जॉर्ज गेल्यापासून तो कुणी ऐकला नव्हता.

फेब्रुवारीतच तिनं दुसरी जोडी लावली. या वेळी मादीला चार दिवस सकाळ-संध्याकाळ माशा दिल्या, पोट टरारून फुगेपर्यंत. मग नर सोडला. केशरबाईला तिनं बोलावलं नव्हतं. ती आपण होऊन पाट घेऊन काचेपुढं येऊन बसली आणि दुपारभर बसून राहिली. दोघं जुळलेले होते तोवर ती जागची हलली नाही. दिवस कलायला आला तेव्हा नर पाठीवरून उतरला, काटकीवरून दोन पावलं चालला, आणि भुर्रकन उडून मलमलीला जाऊन चिकटला. लिडियानं गाठ सोडली. तो तिच्या हातावरून खिडकीकडं गेला.

"गेला की गं," केशरबाई म्हणाली. "जित्ता गेला." मग एकदम म्हणाली, "त्यो लहानपनीबी गाडीमागं पळायचा. येशीपतूर पळायचा. कुनाचं ऐकायचा न्हाई." आणि पदर तोंडाला लावून ती रडली. तार आली त्या दिवसानंतर लिडियादेखत ती पहिल्यांदा रडत होती. लिडिया तिच्याजवळ जमिनीवर बसली. अर्जाबद्दल त्या दोघी पुन्हा कधी बोलल्या नाहीत.

मादीनं काटकीवर अंडी घातली. फेस वाळून घट्ट झालेली, बोटाच्या पेराएवढी लांबट पेटी. मार्चात एका सकाळी त्या पेटीतून धाग्यासारखी पिल्लं लोंबत बाहेर पडली, चाळीस-पन्नास, काळी, मुंग्यांसारखी. शाळेत काचा न्यायला बंदी होती, पण शाळेच्या मुलींनी बाईंच्या ओट्यावर यायला बंदी लिहायची कमिटी विसरली होती. शनिवारी दुपारी पंधरा-वीस मुली ओट्यावर जमत. दया वहीत लिहायचं काम करी. एलिझाबेथबाई खिडकीतून पाहत आणि खिडकी लावून घेत. पण त्यांची स्वतःची धाकटी मुलगी त्या पंधरा-वीस जणींत होती.

मे महिन्यात कमिटीनं बदली काढली. शेवगावच्या पुढं, कोरडवाहू मुलखातल्या एका खेड्यात, एकाच मास्तरावर चालणारी शाळा होती. गेल्या तीन वर्षांत तिथं कुणी टिकलं नव्हतं. आप्पासाहेबांनी तिला घरी बोलावून चहा दिला आणि म्हणाले, "अजूनही दोन शब्द बोललात तर हा कागद फाडता येईल. तिकडं पाण्याचे हाल आहेत. तुमची ती शेवंतीही नाही तिकडं."

"बाभळी आहेत ना?"

"आहेत की. बाभळीच आहेत."

"मग फुलं येतातच. आणि मुली?"

"मुली कोण शाळेत घालतंय तिकडं?" आप्पासाहेब म्हणाले. "मुलंच धड येत नाहीत."

"बघते," लिडिया म्हणाली आणि चहाबद्दल आभार मानून निघाली.

जूनच्या पहिल्या आठवड्यात दोघी सासवा-सुना मोटारस्टँडवर उभ्या होत्या. एक ट्रंक, दोन वळकट्या, भांड्यांचं पोतं, आणि साबणाच्या खोक्यात गवत घालून उभ्या ठेवलेल्या अकरा काचा. बाकीच्या काचा पिल्लांसकट मुलींनी वाटून घेतल्या होत्या. कुणी कोठीत, कुणी गोठ्यात, कुणी बापाला न सांगता माळ्यावर ठेवल्या होत्या. सर्व्हिस मोटारीच्या क्लीनरनं ट्रंक टपावर चढवली, वळकट्या चढवल्या, आणि खोक्याला हात घातला.

"हे टपावर जाणार नाही," लिडिया म्हणाली.

"काचसामान टपावरच जातं, बाई."

"ऊन लागेल त्यांना."

"कुनाला?"

"आत जिवंत आहेत."

क्लीनरनं वाकून पाहिलं आणि दोन पावलं मागं सरला. आतले उतारू माना काढून बघू लागले. ड्रायव्हर खाली उतरला. म्हणाला, असले किडे गाडीत चालणार नाहीत, लोक ओरडतील; खोकं इथंच ठेवा नाहीतर तुम्हीच राहा.

लिडियानं खोकं उचललं आणि गाडीच्या पायरीवर बसली. पायरीवर बाई बसल्यावर दार लागत नाही आणि दार लागल्याशिवाय गाडी सुटत नाही. ड्रायव्हर बोलत राहिला. ती रस्त्याकडं बघत राहिली. पलीकडून लष्करी लॉऱ्यांची एक लांबलचक रांग धूळ उडवत गेली, ती संपेपर्यंत तो थांबला, मग पुन्हा बोलू लागला. आतून एक शेतकरी म्हणाला, "आरं घे की बाईला. शेतात काय कमी किडं हायेत व्हय?" लोक हसले. ड्रायव्हर हात झटकून आपल्या जागेवर गेला.

केशरबाई आधीच आत जाऊन बसली होती. तिनं मांडी पुढं केली.

"आन हिकडं," ती म्हणाली. "मलमलीची गाठ सैल ऱ्हायलीय एक. आदी ती आवळ."